उजव्या रांगेतली मोस्खांथी

आर्गिरोची मुलगी दहा महिन्यांची झाली तरी बेबाच होती, म्हणजे बिननावाची. रांगत होती, खालचे दोन दात आले होते, शेजारच्या मांजराला एकदा चावूनही झालं होतं. पण बाप्तिस्म्याच्या घंगाळात बुडवल्याशिवाय नाव लागत नाही, आणि नोना आल्याशिवाय घंगाळ भरत नाही. नोना म्हणजे धर्माची आई. आर्गिरोनं त्यासाठी आपल्या थोरल्या बहिणीला सांगितलं होतं, कालिरोईला. कालिरोई पिरेआसला, अथेन्सच्या बंदरात, एका दातांच्या दवाखान्यात कामाला आहे. तिला सुट्टी मिळाली ती ईस्टरनंतरच्या पन्नासाव्या दिवसाला धरून. रविवार ठरला.

आमच्या बेटावर पहिल्या मुलीला आईच्या आईचं नाव लागतं. नावाबरोबर घर, वरचं शेत आणि बदामाची झाडंही तिच्याकडे जातात. या घरात दोन नावं आलटून पालटून चालत आली आहेत: मोस्खांथी, कालिरोई, मोस्खांथी, कालिरोई. आत्ताची मोस्खांथी म्हणजे या दोघी बहिणींची आई. वय अडुसष्ट. तिच्यानंतर थोरली कालिरोई, आणि कालिरोईच्या पोटी येईल ती पुढची मोस्खांथी. तशी ती आली होती, नऊ वर्षांपूर्वी, अथेन्सच्या इस्पितळात, काही तासांपुरती. नाव लागायच्या आत गेली, म्हणून गावात तिला कुणी धरत नाही. नवरा तेव्हा जहाजावर होता. आता तो दुसऱ्या घरी असतो. कालिरोई चव्वेचाळीस वर्षांची आहे.

म्हणजे नाव थोरलीचं, आणि ते द्यायला तिच्याकडे कुणी नाही. धाकटीकडे मुलगी आहे, पण ते नाव मागायचा हक्क नाही. घंगाळापाशी पाद्री विचारतो तेव्हा नाव नोना उच्चारते. आई आत नसते, ती अंगणात थांबते. नोनाच्या तोंडून जे निघालं ते निघालं, ते कुणाला फिरवता येत नाही. कालिरोईनं मोस्खांथी म्हटलं, तर आपल्याला आता मुलगी होणार नाही हे ती चारचौघांत कबूल करणार. नाही म्हटलं, तर आईचं नाव आईबरोबर जाणार. आर्गिरोनं बहिणीला नोना केलं ते प्रेमानं की हिशेबानं, यावर गावात दोन तट होते.

मी इसिदोर. आठवडाभर बोटींची इंजिनं दुरुस्त करतो आणि रविवारी चर्चमध्ये गातो. गाणाऱ्याची जागा घंगाळापासून हातभर अंतरावर आहे. पुस्तकावरची नजर न काढता मला तिथून सगळं दिसतं.

*

नावाबद्दल थोडं.

मोस्खांथी म्हणजे कस्तुरीच्या वासाचं फूल. असं फूल बेटावर उगवत नाही आणि कस्तुरी कुणी पाहिलेली नाही. तरीही नाव ऐकलं की माणसं नाकानं थोडा श्वास घेतात, हे मी पाहिलेलं आहे.

शाळेत पोरं आत्ताच्या मोस्खांथीला वासरू म्हणायची, कारण नावाचा पहिला तुकडा आमच्याकडे वासराच्या मटणालाही लागतो. ती त्यांना दगड मारायची. नेम चांगला होता.

अठराव्या वर्षी ती पिरेआसच्या बिस्किटांच्या कारखान्यात गेली. तिथल्या मुकादमाला एवढं मोठं नाव नको होतं, त्यानं तिला मारिया करून टाकलं. चार वर्षं ती मारिया होती. परत आली तेव्हा धक्क्यावरून आईनं पूर्ण नावानं हाक मारली, आणि ती तिथेच दोरखंडांवर बसून रडली, असं सांगतात. मी धक्क्यावर होतो. ती रडली नव्हती. तिला बोट लागली होती.

एका उन्हाळ्यात अथेन्सहून एक बाई आली होती, खोली भाड्यानं घेऊन राहिली. नाव ऐकून वेडी झाली. पुन्हा पुन्हा म्हणून बघायची, तळहातावर लिहून घेतलं. पुढच्या वर्षी आली ती कुत्री घेऊन, आणि कुत्रीचं नाव मोस्खांथी. "ती हाक मारायची तेव्हा मी वळायचे," आमची मोस्खांथी सांगते. "कुत्री वळायची नाही."

माझ्या बायकोचं नाव स्तामाता. म्हणजे थांब. ती चौथी मुलगी, बापाला आणखी मुली नको होत्या. तिच्या पाठीवर दोघी आल्या. सुंदर नावांबद्दल ती कधी काही बोलत नाही.

*

गुरुवारी, बेकरीत. मी पावासाठी उभा होतो, बोलत या दोघी होत्या: बेकरीवाली सोफिला आणि माझी बायको.

"आली का गं नोना?" सोफिला म्हणाली.

"काल, बोटीनं. दोन पेट्या घेऊन. एकीत मेणबत्त्या आणि पोरीचे कपडे. दुसरीत काय ते मला दिसलं नाही."

"तुला दिसलं नाही म्हणजे पेटीला कुलूप असणार."

"तू पाव दे."

"बाप्तिस्म्याच्या टॉवेलवर नाव विणलंय का?"

"नाही. जहाज विणलंय."

"जहाज. म्हणजे अजून ठरत नाहीये तिचं."

"नाहीतर ठरलंय आणि सांगायचं नाहीये."

"मी असते तर दिलं नसतं हो. आपलं ते आपलं."

"तुला पाच मुली आहेत, सोफिला. तुझ्याकडे नावं कमी पडली होती."

"आणि आर्गिरोनं तोंड उघडून मागितलं का? तेवढं सांग."

"ती कशाला मागेल? ती म्हणते, देव नोनाला सुचवेल ते."

"देवाला आधी कळवून ठेवलं असेल."

दार वाजलं. कालिरोई आत आली, उन्हाची टोपी हातात.

"दोन पाव, मावशी. आणि चालू द्या तुमचं, मला घाई नाही. जहाजापर्यंत आला होतात."

सोफिलानं पाव दिले आणि वर तीळ लावलेल्या पावाची एक कडी फुकट दिली. कालिरोईनं ती तिथेच उभं राहून खाल्ली, सावकाश, शेवटचा तीळ बोटानं टिपून.

*

आता कागदांबद्दल सांगायला हवं.

वर्षातल्या काही शनिवारी गेलेल्या माणसांची नावं चर्चमध्ये वाचतात. बायका उकडलेल्या गव्हाची ताटं आणतात, साखर, बदाम, डाळिंबाचे दाणे घालून. ताटाबरोबर घरटी एक कागद असतो. कागदावर दोन रांगा, डावीकडे जिवंत आणि उजवीकडे गेलेले. पापा-लूकास, आमचे पाद्री, त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे. म्हणून आदल्या दिवशी मी सगळे कागद एका मोठ्या कागदावर ठळक अक्षरांत उतरवतो. उतरवताना दुरुस्तही करतो, कारण लोक चुका करतात. एकीनं नवऱ्याला उजवीकडे लिहिलं होतं, आणि तो तर कॉफीच्या दुकानात पत्ते खेळत बसलेला. तिला विचारलं तर म्हणाली, असू द्या, चूक नाही. पण मी त्याला डावीकडे आणला.

कालिरोईचा कागद दर वेळी पिरेआसहून बोटीच्या कप्तानाबरोबर यायचा. नऊ वर्षं त्यावर हेच असायचं:

जिवंत: मोस्खांथी. आर्गिरो. फोतिस.
गेलेले: कालिरोई. निकितास. मोस्खांथी.

फोतिस म्हणजे आर्गिरोचा नवरा. निकितास या मुलींचा बाप, गेलेली कालिरोई त्यांची आजी. पणजी मोस्खांथीही होऊन गेली, पण इतक्या मागच्यांची नावं कागदावर कुणी लिहीत नाही. मोस्खांथी म्हणजे आई, आणि पहिल्यांदा तो कागद हातात आला तेव्हा ती समोरच्या पायरीवर वाटाणे सोलत बसलेली मला खिडकीतून दिसत होती. जिवंत बाईचं नाव गेलेल्यांत वाचलं तर काय, ते इथे कुणाला समजावावं लागत नाही. मी उजवीकडचं नाव खोडलं. पुढच्या वेळी तीच चूक आली. त्याच्या पुढच्या वेळीही. मी कालिरोईला कळवलं नाही. एकटी बाई, सहा नावं लिहिताना घोटाळते, तिला कशाला लाजवायचं. नऊ वर्षं मी गुपचूप खोडत आलो. आपण एका घरावरचं अरिष्ट टाळतो आहोत, याचं मला बरंही वाटायचं.

या वेळी ती स्वतः आलेली असल्यामुळे कागद तिनं शुक्रवारी माझ्या हातात दिला. मी घरी नेऊन नेहमीसारखा उतरवला.

*

शनिवारी ती डाव्या खांबापाशी उभी होती. पापा-लूकासनी जिवंत वाचले, मग गेलेले वाचले. त्यांच्या घराची पाळी आली: कालिरोई, निकितास. मग लगेच सोफिलाच्या घराची नावं सुरू झाली. मी पुस्तकात पाहत होतो. कालिरोईच्या हातातली मेणबत्ती वाकडी झाली आणि मेण फरशीवर पडलं. पुसायला ती वाकली नाही.

सगळं संपल्यावर लोक ताटं घेऊन दफनभूमीकडे निघाले. ती माझ्याकडे आली.

"इसिदोर काका, माझ्या कागदावर उजवीकडे तीन नावं होती."

"दोन."

"तीन."

"तिसरं चुकून होतं. मी काढलं."

"चुकून."

"तुझी आई गं. तू तिला दोन्हीकडे लिहितेस. दर वेळी लिहितेस, मी दर वेळी काढतो. कुणाकडे बोललो नाही कधी."

"दर वेळी?"

"दर वेळी."

तिनं माझ्या हातांकडे पाहिलं. माझ्या नखांत इंजिनाचं काळं तेल कायमचं असतं. मग तिनं सांगितलं, तारीख सांगावी तसं. मुलगी काचेच्या पेटीत होती. डॉक्टर बोलणी टाळायला लागले तेव्हा एका म्हाताऱ्या नर्सनं पेटीची खिडकी उघडली आणि म्हणाली, नळ्या मी धरते, तू उचल. पाणी नसेल, पाद्री नसेल, वेळ नसेल, तर कुणीही ख्रिस्ती माणूस मूल तीनदा हवेत उचलून नाव देऊ शकतो. ते नाव लागतं. चर्च ते मानतं. कालिरोईनं तीनदा उचललं, फार वर नाही, नळ्या तेवढ्याच लांब होत्या. नर्सनं नाव विचारलं आणि तिनं सांगितलं. त्यानंतर मुलगी दोन तास होती. सगळे मिळून अकरा.

"आईला का नाही सांगितलंस?"

"काय सांगू? तुझं नाव पुरून आले?"

मी पुस्तक मिटलं.

"मला वाटायचं, निदान इथे वाचतात," ती म्हणाली. "दवाखान्यात त्या शनिवारी मी दहा वाजता हात धुवायच्या निमित्तानं आत जाऊन उभी राहायचे. इथे दहाला वाचतात म्हणून."

*

दुरुस्ती. वर मी लिहिलं आहे की मुलगी नाव लागायच्या आत गेली. ते खोडावं. नाव लागलेलं होतं. आणि जे नाव द्यायचं की नाही यावर गाव आठवडाभर बोलत होतं, ते तिनं नऊ वर्षांपूर्वीच देऊन टाकलेलं होतं. तिच्याकडे सोडायला हक्क नव्हता, मुलगी होती. ती उजव्या रांगेत होती आणि मी तिला दर वेळी पेनानं खोडत होतो.

*

दफनभूमी चर्चच्या मागे आहे. पापा-लूकास एकेका कबरीपाशी थांबून त्या घरची नावं पुन्हा वाचत होते. निकितासच्या कबरीपाशी यायला त्यांना अजून चार घरं होती. माझ्या खिशात बोटीच्या वेळापत्रकाचा कागद होता. एका दगडावर तो टेकवून मागच्या बाजूला मी तीन नावं लिहिली, अंगठ्याएवढ्या अक्षरांत, आणि त्यांच्या हातात दिला.

मोस्खांथी कबरीपाशी गव्हाचं ताट धरून उभी होती. आर्गिरो बेबाला कडेवर घेऊन तिच्या शेजारी. कालिरोई जरा मागे.

"कालिरोई," पापा-लूकासनी वाचलं. "निकितास. मोस्..." ते थांबले. "इसिदोर, हे काय?"

"लिहिलंय तसं वाचा, पापा."

"अरे, ती इथे उभी आहे."

अरिष्ट टळावं म्हणून सोफिला बाजूला वळून तीनदा थुंकली. एकदोघींनी क्रुसाची खूण केली. मोस्खांथीनं ताट हलू दिलं नाही.

"तू नाहीस, आई," कालिरोई मागून म्हणाली. "माझी."

पाद्र्यांना कळलं. म्हातारे आहेत, असे हवेतले बाप्तिस्मे त्यांनी स्वतः दोन केलेले आहेत. त्यांनी फक्त विचारलं, "तीनदा उचललंस?"

"तीनदा."

मोस्खांथीनं ताट कबरीच्या कडेवर ठेवलं. "किती वेळ होती?"

"अकरा तास."

"आणि मला नऊ वर्षं सांगितलं नाहीस."

"तुझं नाव मातीत गेलं असं तुला वाटलं असतं."

"माझं नाव मातीतूनच आलंय," मोस्खांथी म्हणाली. "माझी आजी त्या कोपऱ्यात आहे, डाळिंबाखाली. तिचं नाव घेऊन मी सत्तर वर्षांची होत आले. तुला काय वाटलं, मला ते दुकानात मिळालं?"

पापा-लूकासनी तिन्ही नावं पुन्हा वाचली. तिसरं त्यांनी मोठ्यानं वाचलं, जरुरीपेक्षा मोठ्यानं. मोस्खांथीनं चमचाभर गहू थोरलीच्या तळहातावर घातले. "खा. तिच्या नावानं." मग सगळ्यांना वाटले. सोफिलानंही घेतले. आर्गिरोनं घेतले नाहीत. म्हणाली, हात मोकळा नाही.

*

शनिवारी दुपारी. आमचं अंगण आणि त्यांचं अंगण यांमध्ये कमरेएवढी भिंत आहे, वर द्राक्षाचा वेल. मी पंप उघडून बसलो होतो. स्तामाता कपडे वाळत घालत होती, आणि कपडे संपले तरी घालत होती.

"उद्या दुसरं काहीतरी सांग," आर्गिरोचा आवाज.

"दुसरं म्हणजे?"

"काहीही. तुझं सांग. एलेनी सांग. मला चालेल."

"दहा महिने तुला एकच हवं होतं."

"मी कधी मागितलं?"

"नाही मागितलंस. तेच म्हणतेय मी. मागितलं असतंस तर मी काहीतरी बोलले असते. हो म्हणाले असते, नाही म्हणाले असते. तू नुसती नोना हो म्हणालीस आणि माझ्या तोंडाकडे बघत राहिलीस."

"तेव्हा ते आईचं होतं, ताई."

"आणि आता?"

"तू चिडशील."

"आज नाही चिडणार. बोल."

"अकरा तासांचं नाव ते. माझ्या पोरीच्या अंगावर घालू?"

"आईनं अडुसष्ट वर्षं घातलंय."

"आईची गोष्ट वेगळी."

बेबा कशावर तरी चमचा आपटत होती.

"मी वाईट नाहीये," आर्गिरो म्हणाली.

"भित्री आहेस. विहिरीत डोकवायची नाहीस."

"तू मानगूट धरून डोकवायला लावायचीस."

"पडलीस का कधी?"

"तो मुद्दा नाहीये."

"आत चल," स्तामाता माझ्या कानाशी म्हणाली. "लाज वाटत नाही का ऐकायला?" आणि स्वतः हलली नाही.

"सांगशील ना दुसरं?" आर्गिरोनं विचारलं. "मी मागतेय आता. तोंडानं मागतेय."

"ऐकलं मी," कालिरोई म्हणाली.

म्हणजे शनिवारी दुपारी कालिरोईला हवं ते मिळालेलं होतं. नाव तिच्या एकटीच्या मुलीचं राहणार होतं, कुणाशी वाटून घ्यावं लागणार नव्हतं, आणि ते धाकटीनं स्वतःहून देऊ केलं होतं. मला वाटलं, प्रकरण मिटलं. मी पंप जोडला आणि तो चालू झाला नाही.

*

रविवार. घंगाळात गरम पाणी ओतून झालं होतं. नोनानं मुलीला डोक्यापासून पायापर्यंत तेल चोळलं. मुलगी हातातून निसटत होती आणि सगळं चर्च ऐकेल अशी रडत होती. फोतिस मेणबत्ती धरून उभा होता, मोस्खांथी पहिल्या खुर्चीवर. आर्गिरो बाहेर, तुतीच्या झाडाखाली. दारात सात-आठ पोरं धावायच्या तयारीत, कारण नाव जो आधी आईला जाऊन सांगेल त्याला नाणं मिळतं.

पापा-लूकासनी मूल हातांत घेतलं. "नाव?"

कालिरोईनं मोस्खांथीकडे पाहिलं. मोस्खांथीनं मान डोलावली नाही, नकारही दिला नाही. ती मुलीकडे पाहत होती, मूल निसटेल म्हणून.

"नाव, नोना? पाणी गार होतंय."

कालिरोईच्या कोपरांपर्यंत तेल होतं. तिनं हात अंगापासून दूर धरले होते, जणू नवा झगा वाचवायचा तेवढंच काम उरलं होतं.

"मोस्खांथी."

फार मोठ्यानं नाही. पोरांना ऐकू गेलं नाही, त्यांनी एकमेकांना विचारलं आणि मग पळाली. पापा-लूकासनी मुलीला एकदा बुडवलं, दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा, आणि तिन्ही वेळा नाव घेतलं. मी गायलो. सूर अर्ध्या पट्टीनं खाली गेला होता हे मला स्तामातानं नंतर सांगितलं.

मग केस कापणं, नवे कपडे, घंगाळाभोवती तीन फेऱ्या. शेवटी नोना मुलीला घेऊन दारात जाते आणि आईच्या स्वाधीन करते. त्याचे शब्द ठरलेले आहेत.

"बाप्तिस्मा झालेली, तेल लागलेली अशी ही तुझ्या हातात देते," कालिरोई म्हणाली. "आगीपासून सांभाळ, पाण्यापासून सांभाळ."

आईनं नोनाच्या हाताचं चुंबन घ्यायचं आणि मूल घ्यायचं. आर्गिरोचे हात खालीच राहिले. पोरं तिच्याभोवती नाण्यासाठी ओरडत होती, तिनं अजून एकालाही दिलं नव्हतं.

"मी मागितलं होतं तुझ्याकडे."

"मागितलं होतंस."

"तोंडानं मागितलं होतं."

"तू घाबरून मागितलंस. आज मी दुसरं नाव सांगितलं असतं तर उद्या सगळ्या गावाला कळलं असतं की हे नाव टाकलंय. आई गेली की संपलं. मग माझ्या मुलीचं नाव निघालं की सोफिला मावशी थुंकणार, आणि तिच्या मुली थुंकणार. मला ते नकोय, आर्गिरो. ती मेली आहे. तिनं कुणाचं वाईट केलेलं नाही."

"आणि हिला काही झालं तर?"

"ताप आला तर औषध दे. खोकला झाला तर मध दे. दुसरं काय सांगू?"

मागून कुणीतरी हसलं आणि थांबलं. सोफिला आपल्या चपलांकडे पाहत होती.

आर्गिरोनं मूल घेतलं. बहिणीच्या हाताचं चुंबन घेतलं की नुसता चेहरा जवळ नेला, ते माझ्या जागेवरून दिसलं नाही. पोरांना तिनं मूठभर नाणी जमिनीवर टाकून दिली, कोण पहिलं हे न विचारता.

"चल, बेबा," ती म्हणाली.

*

तीन दिवस तेल धुवायचं नसतं. सोमवारी आर्गिरो तिला बेबा म्हणाली, मंगळवारीही बेबा. फोतिस बायकोचं तोंड बघून तिला काहीच म्हणत नव्हता. गावातले 'ही कशी आहे', 'हिला झोप लागली का' असं विचारत होते. पूर्ण नावानं हाक फक्त आजी मारायची, आणि ते जरा स्वतःशीच बोलल्यासारखं वाटायचं. कालिरोईनं रविवारच्या संध्याकाळच्या बोटीचं तिकीट बदलून बुधवारचं घेतलं होतं, कारण तिसऱ्या दिवशीची अंघोळ नोनानंच घालायची असते. दोघी बहिणी जेवायला एका टेबलावर बसत होत्या. मीठ दे, पाव दे, एवढं बोलणं होत होतं.

बुधवारी सकाळी मी पुन्हा भिंतीपाशी होतो, पंपाचा वायसर बदलत. अंगणात दगडी कुंडी होती. हे पाणी गटारात जाऊ द्यायचं नसतं, समुद्रात नेऊन ओततात, म्हणून शेजारी दोन बादल्या तयार होत्या. आर्गिरोनं मुलीला काखेत धरून पाण्यात उभं केलं होतं. कालिरोई वरून भांड्यानं पाणी ओतत होती, एका हातानं केसांतलं तेल सोडवत. तेल सहज निघत नव्हतं. साबणाचा फेस मुलीच्या कपाळावरून खाली यायला लागला. तिला तो खायचा होता.

"डोळे मीट," आर्गिरो म्हणाली.

मुलीनं फेसाला जीभ लावली.

"अगं डोळे मीट, झोंबेल."

मुलगी वर भांड्याकडे बघायला लागली, दोन्ही डोळे सताड उघडे.

"मोस्खांथी, डोळे."

मुलीला काय कळणार. तिनं ते आणखी मोठे केले. कालिरोईचा हात भांड्यासकट वरच राहिला.

"ओत ना, ताई," आर्गिरो मान वर न करता म्हणाली. "गारठेल ती."

कालिरोईनं डाव्या तळहाताचा आडोसा मुलीच्या कपाळावर धरला आणि पाणी ओतलं.